अनंत विश्वांची कोतवाली

आपल्या जगाच्या शेजारी, हाताच्या अंतरावर असूनही कायमची अदृश्य, अशी असंख्य जगे नांदत आहेत आणि इतिहासातील प्रत्येक लहानमोठ्या निर्णयापाशी त्यांची वाट आपल्या वाटेपासून फुटलेली आहे, ही कल्पना एकदा मनाने मान्य केली, की तिच्या मागोमाग एक अगदी गद्य आणि व्यवहारी प्रश्न दारात येऊन उभा राहतो. एवढ्या मोठ्या पसाऱ्याचा बंदोबस्त कोण ठेवतो? एका विश्वातील माणूस दुसऱ्यात शिरला, एका इतिहासातील शस्त्र दुसऱ्या इतिहासाच्या हाती लागले, तर फिर्याद कोणत्या चावडीवर नोंदवावयाची? जुन्या काळच्या कथाकाराने हा भार ईश्वरावर किंवा नियतीवर टाकला असता. विसाव्या शतकातील अमेरिकन विज्ञानकथाकारांनी मात्र या कामासाठी सरळ एक कचेरी उघडली, तीत अंमलदार नेमले, कारकून बसविले, नियमावल्या तयार केल्या आणि अनंताच्या सरहद्दीवर चौक्या उभारल्या.

या कचेऱ्यांचे जाहीर ब्रीद विश्वांच्या स्थैर्याचे रक्षण करणे हे आहे. परंतु त्यांचे दप्तर उघडून कागद चाळू लागले, की जपले जाणारे स्थैर्य बहुधा एकाच विश्वाचे, आणि तेही जिथे ती कचेरी वसली आहे त्याच विश्वाचे असल्याचे दिसून येते. काही लेखकांनी हे जाणूनबुजून दाखविले आहे, काहींच्या हातून ते नकळत उघड झाले आहे. प्रस्तुत प्रकरणात या कचेऱ्यांची हजेरी घ्यावयाची आहे ती मुख्यतः या दृष्टीने.

प्रारंभी कचेरी नव्हतीच. 1934 साली मरे लाइन्स्टर याने ‘अस्टाउंडिंग’ या मासिकात ‘साइडवाइज इन टाइम’ ही कथा लिहिली, तेव्हा त्याने निरनिराळ्या इतिहासांचे तुकडे पृथ्वीवर एकाएकी विसकटून टाकले. एका भूभागावर अद्याप रोमन साम्राज्य चालू आहे, तर दुसऱ्या किनाऱ्यावर व्हायकिंग उतरत आहेत, असा तो गोंधळ होता. त्या गोंधळाला आवर घालण्यास कोणी अधिकारी नाही. एक गणिताचा प्राध्यापक तेवढा हे अरिष्ट आधी ओळखतो, आणि तोही लोकांना सावध करण्याऐवजी त्यातून आपल्यासाठी एखादे राज्य मिळते का याचा विचार करू लागतो. लाइन्स्टरला शासनव्यवस्थेशी कर्तव्य नव्हते, त्याला तमाशा दाखवावयाचा होता, आणि तो त्याने उत्तम दाखविला.

पहिली खरी कोतवाली स्थापन झाली ती 1948 साली, आणि ती स्थापन करणारा एच. बीम पायपर हा गृहस्थ स्वतः पहारेकरी होता, ही गोष्ट मला मोठी अर्थपूर्ण वाटते. 1904 साली पेनसिल्व्हेनियातील अल्टूना या रेल्वेच्या गावी जन्मलेला हा मनुष्य महाविद्यालयात गेला नाही. पेनसिल्व्हेनिया रेल्वेरोडच्या कारखान्यात त्याने मजुरी केली, पुढे तेथेच रात्रपाळीचा पहारा केला, आणि त्याखेरीज मिळालेल्या वेळात इतिहास वाचला व जुनी शस्त्रे जमविली. ज्याने वर्षानुवर्षे दुसऱ्याच्या मालमत्तेभोवती रात्री गस्त घातली, त्याला पहारा म्हणजे काय आणि तो मुळात कुणासाठी असतो, हे समजण्यास राज्यशास्त्राच्या ग्रंथांची गरज पडली नसावी.

1948 च्या एप्रिलमध्ये प्रसिद्ध झालेली त्याची ‘ही वॉक्ड अराउंड द हॉर्सेस’ ही कथा एका खऱ्या घटनेवर आधारलेली आहे. बेंजामिन बॅथर्स्ट हा तरुण इंग्रज वकील ऑस्ट्रियाच्या दरबारातील कामगिरी आटोपून परतत असता, 25 नोव्हेंबर 1809 रोजी, प्रशियातील पेर्लेबर्ग या गावी घोडे बदलण्यासाठी थांबला आणि निघण्याच्या ऐन वेळी नाहीसा झाला. त्याचा पत्ता पुढे लागला नाही. पायपरने त्याला घोड्यांना वळसा घालता घालता दुसऱ्याच इतिहासात नेऊन सोडले. त्या इतिहासात अमेरिकन वसाहतींचे बंड फसले आहे, फ्रान्समधील राज्यक्रांती दडपली गेली आहे, आणि नेपोलियन हा राजाच्या सैन्यातील तोफखान्याचा एक निष्ठावंत अधिकारी आहे. सम्राट नेपोलियनविरुद्धच्या युद्धाचे खलिते घेऊन आलेला हा वकील तेथील पोलिसांना अर्थातच वेडा तरी वाटतो किंवा हेर तरी, आणि शेवटी निसटून जाण्याच्या प्रयत्नात तो मारला जातो. साऱ्या कथेत निवेदक असा नाहीच, आहेत ते केवळ सरकारी कागद. खानावळवाल्याचा जबाब, पोलीस अधिकाऱ्याचा अहवाल, मंत्र्याचे पत्र, त्यावरील शेरा, अशा एकामागून एक पुढे सरकणाऱ्या कागदांतून एक माणूस दोन जगांच्या फटीत चिरडला जातो, आणि त्यांपैकी प्रत्येक कागद नियमाला धरून असतो. शेवटचा कागद सर आर्थर वेलस्ली याच्या सहीचा आहे. वेड्याजवळ सापडलेल्या खलित्यांत ज्याचा वारंवार उल्लेख येतो तो वेलिंग्टन कोण असावा, अशी पृच्छा तो त्यात करतो. ज्या वाचकाला आपल्या जगातील वेलस्ली पुढे त्याच नावाचा ड्यूक झाला हे ठाऊक आहे, त्याला त्या एका प्रश्नात सगळी कथा सापडते. असईच्या रणांगणामुळे वेलस्लीशी आपली ओळख जुनी आणि कडू आहे, त्यामुळे मराठी वाचकाला या विनोदाची चव किंचित निराळी लागेल.

या कथेत पोलीस आहेत ते त्या एका जगाचे. सर्व जगांवर देखरेख करणारे पोलीस तीनच महिन्यांनी, जुलैच्या अंकातील ‘पोलीस ऑपरेशन’ या कथेत अवतरले. पायपरची मांडणी अशी, की फार प्राचीन काळी मंगळावरील मानवांनी पृथ्वीवर वसाहत करण्याचा प्रयत्न केला, आणि तो प्रयत्न ज्या प्रमाणात साधला किंवा फसला त्यानुसार सर्व कालरेषांचे पाच स्तर पडले. पहिल्या स्तरावर वसाहत पूर्ण यशस्वी झाली, पाचव्यावर ती मुळीच टिकली नाही, आणि आपण चौथ्या स्तरावरचे, म्हणजे आपले मूळच विसरून गेलेले लोक. पहिल्या स्तरातील एका कालरेषेने काही सहस्र वर्षांपूर्वी कालरेषांमधून आडवे जाण्याची विद्या शोधून काढली. त्यामागे ज्ञानाची तहान नव्हती, त्या लोकांनी आपली पृथ्वी खाऊन संपविली होती. तेव्हापासून ही मूळ कालरेषा इतर असंख्य पृथ्वींवरून धान्य, खनिजे, चैनीच्या वस्तू गुपचूप उचलून आणते, आणि ज्यांच्या घरातून ती उचलली जातात त्यांना याची गंधवार्ताही नसते. हे गुपित फुटू न देणे हेच तेथील पोलीस दलाचे आद्य कर्तव्य होय.

व्हर्कन व्हाल हा त्या दलातील तडफदार अंमलदार आणि टोर्था कार्फ हा त्याचा वरिष्ठ. पहिल्या कथेत शुक्रावरील एक हिंस्र श्वापद कोणा उपद्व्यापी प्रवाशाच्या हलगर्जीपणाने आपल्या पेनसिल्व्हेनियात मोकळे सुटते आणि शेतकऱ्यांची गुरे मारू लागते. व्हाल येतो, त्याची शिकार करतो, आणि मग जे करतो त्यातच या खात्याचे मर्म आहे. गावकऱ्यांच्या समाधानासाठी तो तेथे मारलेले एक मोठे रानमांजर ठेवून जातो, म्हणजे गुरे कोणी मारली या प्रश्नाला एक सोयीचे उत्तर मिळून चौकशी बंद होते. गुरे गेली ती गेलीच, नुकसानभरपाईचा विचार कोणाच्या मनाला शिवत नाही, फक्त पंचनामा तेवढा बिनचूक होतो.

1951 सालच्या ‘टेम्पल ट्रबल’ या कथेत पायपर याहून पुढे जातो. मूळ कालरेषेच्या एका खाणकंपनीला दुसऱ्या एका जगातील युरेनियम हवे आहे, आणि खाणीवर कोणाची दृष्टी जाऊ नये म्हणून तिने तेथे यात-झार नावाच्या देवाचा एक संप्रदायच उभा केला आहे, ज्याचे पुजारी म्हणजे कंपनीचे वेशांतर केलेले नोकर. राजाची मर्जी फिरल्यामुळे पुजारी संकटात सापडतात, तेव्हा पोलीस धावून जातात आणि देवाचा ‘चमत्कार’ घडवून त्यांना सोडवितात. तराजू हाती घेऊन आलेल्या कंपनीच्या रक्षणासाठी पुढे पलटणी येतात, हा क्रम ज्या देशाने दीडशे वर्षे अनुभवला त्याला या कथेतील साहसाची गोडी लागेल की तिचा राग येईल, सांगता येत नाही. मला दोन्ही झाले. पायपर या गोष्टी सांगताना कोठेही रडत नाही की उपदेश करीत नाही, उलट व्हालविषयी त्याला उघड कौतुक आहे. परंतु वस्तुस्थिती झाकण्याची लबाडी तो करीत नाही, आणि ही सचोटी त्याच्याहून थोर गणल्या गेलेल्या लेखकांतही नेहमी आढळत नाही. 1955 च्या ‘टाइम क्राइम’मध्ये तर कालरेषांच्या पलीकडून चालणारा गुलामांचा व्यापार उघडकीस येतो, आणि त्याची मुळे शोधताना पोलिसांना आपल्याच जगातील प्रतिष्ठितांच्या घरात शिरावे लागते.

त्याच्या शेवटच्या कादंबरीत, ‘लॉर्ड काल्व्हन ऑफ अदरव्हेन’मध्ये, या विचाराचे वर्तुळ पुरे होते. पेनसिल्व्हेनियाच्या पोलिसांतील कॅल्व्हिन मॉरिसन हा शिपाईगडी अपघाताने एका आडव्या जाणाऱ्या यानात ओढला जातो आणि एका अशा जगात जाऊन पडतो, की जेथे बंदुकीच्या दारूची कृती स्टायफन या देवाच्या पुजाऱ्यांनी गुप्त ठेवली आहे आणि त्या एका गुपिताच्या बळावर ते राजेरजवाड्यांना नाचवीत आहेत. मॉरिसनला ती कृती ठाऊक असते, तो ती उघड करतो आणि पुजाऱ्यांची सद्दी संपू लागते. आता येथे वाचकाने क्षणभर थांबावे. एका गुपिताची मक्तेदारी, तिच्यावर पोसलेली संस्था, आणि ते फुटू नये म्हणून कोणालाही मारण्याची तयारी: हे वर्णन स्टायफनच्या देवळाला जितके लागू पडते तितकेच ते व्हर्कन व्हालच्या खात्यालाही पडते. नियमाप्रमाणे मॉरिसनचे तोंड बंद करण्याचे काम व्हालकडे येते, पण मॉरिसनने आपल्या आगमनाविषयी स्वतःच एक जादूटोण्याची कथा रचून सांगितली आहे, गुपित त्याच्याकडून आपोआप राखले जात आहे, असे पाहून व्हाल त्याला जिवंत सोडतो. या कादंबरीचा आरंभीचा भाग नोव्हेंबर 1964 च्या ‘अ‍ॅनालॉग’मध्ये छापून आला. त्याच महिन्यात, आर्थिक विवंचनेने ग्रासलेल्या पायपरने आपल्या संग्रहातील शस्त्राने जीवनाचा शेवट केला. कादंबरी पुस्तकरूपाने दुसऱ्या वर्षी निघाली.

आयझॅक असिमॉव्हची कचेरी याहून पुष्कळ सभ्य आहे, आणि म्हणूनच अधिक भयंकर. 1955 साली प्रसिद्ध झालेल्या ‘द एन्ड ऑफ इटर्निटी’मध्ये जगे शेजारी शेजारी नसून एकाच्या जागी दुसरे अशी येतात. ‘इटर्निटी’ ही काळाच्या बाहेर वसलेली संस्था शतकांमागून शतकांचे निरीक्षण करते, आणि कोठे युद्ध, व्यसन किंवा ऱ्हास दिसला की इतिहासात एक बारीकशी दुरुस्ती करून ते शतक नव्याने घडविते. तिची माणसे निरनिराळ्या शतकांतून कोवळ्या वयातच उचलून आणलेली असतात आणि त्यांना घरी परतण्याची मुभा नसते. त्यांच्यात निरीक्षक आहेत, समाजशास्त्रज्ञ आहेत, हिशेब मांडणारे गणक आहेत, आणि प्रत्यक्ष बदल घडविणारे तंत्रज्ञ आहेत. या तंत्रज्ञांशी बाकीचे सहकारी फटकून वागतात, कारण हुकूम सर्वांनी मिळून काढलेला असला तरी त्याची अंमलबजावणी ज्याच्या हातून होते त्याचाच विटाळ मानण्याची रीत असिमॉव्हने तेथेही चालू ठेवली आहे. कमीत कमी हस्तक्षेपाने इष्ट परिणाम साधणे, ही त्यांच्या कौशल्याची कसोटी. कथानायक अँड्र्यू हार्लन याने एकदा 223 व्या शतकात एका यंत्रात किंचित बिघाड केला. त्यामुळे एक तरुण यंत्रशास्त्राच्या व्याख्यानाला पोहोचू शकला नाही, तो पुढे सौर अभियांत्रिकीकडे वळला नाही, एक साधा शोध दहा वर्षे लांबला, आणि 224 व्या शतकातील एक युद्ध घडलेच नाही.

इतक्या स्वस्तात युद्ध टळत असेल तर हरकत कोणी घ्यावी? असिमॉव्हचे उत्तर असे, की प्रत्येक धोका टाळणाऱ्या या सद्‌हेतूने मानवजातीची साहसाची इंद्रियेच बधिर झाली. दुरुस्तीगणिक जी एक गोष्ट हटकून नाहीशी होत गेली ती अंतराळप्रवासाची विद्या होती, आणि शेवटी मानव ताऱ्यांकडे निघाला तेव्हा तेथे इतरांनी आधीच घरे मांडलेली होती. दूरच्या भविष्यातून आलेली नॉइस ही स्त्री हार्लनला हे पटवून देते, आणि इटर्निटी मुळात कधी स्थापनच होऊ नये अशी व्यवस्था तो स्वतःच्या हातांनी घडू देतो. पहारेकऱ्याने आपलीच चौकी मोडण्याचे हे उदाहरण या सर्व वाङ्मयात विरळा. माझ्या मते ही असिमॉव्हची सर्वांत विचारगर्भ कादंबरी आहे, जरी तिच्यातील प्रेमप्रकरण लिहिताना त्याची लेखणी नेहमीप्रमाणेच अवघडलेली असली.

त्याच वर्षी पोल अँडरसन याने आपले काल-गस्तीदल उभारले. येथे मालक कोण हे लपविलेले नाही. दहा लाख वर्षांनंतरचे डॅनेलियन नावाचे अतिमानव आपल्या जन्माकडे नेणारा इतिहास अबाधित राहावा म्हणून हे दल पोसतात. ‘डेलेंडा एस्ट’ या कथेत कालचोर इसवी सनापूर्वी 218 मधील टिसिनसच्या लढाईत दोघाही सिपिओंना मारून टाकतात, रोम नष्ट होते, कार्थेज उरते, आणि विसाव्या शतकात एक सर्वस्वी निराळे जग उभे असते, ज्यात ‘हिंदुराज’ नावाची एक मोठी सत्ताही आहे. गस्तीदलाचा मॅन्स एव्हरार्ड त्या जगात राहतो, त्यातील माणसांशी बोलतो, त्यांचे ऋण घेतो, आणि तरीही मागे जाऊन लढाई ‘दुरुस्त’ करतो. म्हणजे ते कोट्यवधी जीव मरतात असेही नव्हे, ते कधी जन्मलेच नाहीत असे होते. अँडरसनने या कृत्यावर समर्थनाचे पांघरूण घातलेले नाही, आणि कथा संपल्यावर आपल्याला आपलेच जग थोडे उधारीचे वाटू लागते.

या सर्व कथा भौतिकशास्त्रातून उगवल्या असा समज सर्वत्र आढळतो, परंतु तारखा त्याला अनुकूल नाहीत. ह्यू एव्हरेट या तरुणाने प्रिन्स्टनमध्ये जॉन व्हीलरच्या मार्गदर्शनाखाली लिहिलेला प्रबंध 1957 सालचा, म्हणजे पायपरच्या पोलिसांहून नऊ वर्षांनी धाकटा. पुंजयामिकीतील तरंगफलन मापनाच्या क्षणी कोलमडून पडते असे मानण्याऐवजी ते अखंड चालू राहते असे मानले, तर संभाव्य परिणामांपैकी प्रत्येक परिणाम आपापल्या शाखेत खरा ठरतो, असा त्याचा आशय होता. तो त्या वेळी फारसा कोणी मनावर घेतला नाही. एव्हरेट अमेरिकेच्या संरक्षणखात्यात शस्त्रास्त्रांचे हिशेब करण्यास निघून गेला, आणि 1970 मध्ये ब्राइस डीविट याने ‘फिजिक्स टुडे’त लेख लिहिला तेव्हा कोठे या विचाराला ‘अनेक विश्वे’ या नावाने लौकिक मिळाला. गमतीचा भाग असा, की एव्हरेटच्या विश्वांना कोतवालाची गरजच नाही. एकदा फुटलेल्या शाखा भोवतालच्या अगणित कणांशी इतक्या गुंतून जातात, की त्यांचा एकमेकींवर व्यवहारतः काही परिणाम होऊ शकत नाही. तेथून येथे चोरून माल आणण्याची सोय नाही, म्हणून जकातनाकाही नाही. कथाकारांच्या कचेऱ्या पाहावयाच्या तर त्यांची पूर्वपीठिका विज्ञानापेक्षा साम्राज्यांच्या कारभारात शोधलेली बरी.

अशी एक कचेरी मात्र खरोखर अस्तित्वात होती, आणि ती चित्रकथांच्या प्रकाशनगृहांत होती. डीसी या प्रकाशनाने 1961 साली ‘फ्लॅश’च्या 123 व्या अंकात आपल्या नव्या नायकाची जुन्या नायकाशी भेट घडविली, आणि दोघे दोन वेगळ्या पृथ्वींवरचे, असा खुलासा केला. पुढे पृथ्वींची संख्या इतकी वाढत गेली, की नव्या वाचकाला त्यांचा हिशेब ठेवणे कठीण झाले. तेव्हा 1985–86 मध्ये ‘क्रायसिस ऑन इन्फिनिट अर्थ्स’ या बारा अंकी मालिकेतून मार्व्ह वुल्फमन आणि जॉर्ज पेरेझ यांनी ही अनंत विश्वे जाळून एकच पृथ्वी शिल्लक ठेवली. कथेत हे पाप एका महाखलाच्या माथी मारले आहे. खरा हुकूम संपादकीय टेबलावरून सुटला होता.

प्रतिस्पर्धी मार्व्हलमध्ये हा विनोद ओळखणारे लोक होते. ऑक्टोबर 1986 च्या ‘थॉर’मध्ये वॉल्टर सायमनसन आणि साल ब्युसेमा यांनी ‘टाइम व्हेरिअन्स अथॉरिटी’ हे कालविचलनाचे खाते प्रथम दाखविले. पुढे त्यातला मोबियस हा अधिकारी मार्क ग्रुएनवाल्ड या मार्व्हलच्याच संपादकाच्या चेहऱ्यावरून काढला गेला. हजारो अंकांतील घटना एकमेकींशी जुळतात की नाही, याचे चालते दप्तर म्हणून ग्रुएनवाल्ड ख्यात होता, त्यामुळे हे चित्र थट्टेचे असले तरी खोटे नव्हते. तो 1996 साली वारला, आणि त्याच्या इच्छेनुसार त्याची रक्षा छपाईच्या शाईत मिसळून त्याने लिहिलेल्या ‘स्क्वाड्रन सुप्रीम’ या मालिकेचे पुस्तक छापण्यात आले. ती मालिकाही समांतर पृथ्वीवरचीच. 2021 मध्ये आलेल्या ‘लोकी’ या दूरचित्रमालिकेने हे खाते घरोघरी पोहोचविले. देवत्वाच्या तोऱ्यात वावरणाऱ्या लोकीला तेथे क्रमांकाची चिठ्ठी घेऊन रांगेत उभे राहावे लागते, आजवर उच्चारलेल्या प्रत्येक शब्दाच्या कागदांच्या चळतीवर सही करावी लागते, आणि ज्या रत्नांसाठी विश्वे पेटली ती तेथील कारकुनांच्या टेबलावर कागद उडू नयेत म्हणून ठेवलेली असतात. पुढे उलगडते ते असे, की ज्यांच्या नावाने खाते चालते ते तीन कालरक्षक निव्वळ यंत्रपुतळे आहेत, आणि त्यांच्यामागे एकच माणूस बसला आहे, ज्याला भीती आहे ती इतर विश्वांतील स्वतःच्याच प्रतिरूपांची. ‘पवित्र कालरेषा’ ती हीच. पायपरची खाणकंपनी येथे एका माणसापुरती आकसली आहे, एवढाच फरक.

मराठीत या विषयाची सर्वांत प्रसिद्ध कथा जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’, आणि तीत कचेरीचा मागमूसही नाही. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघाताने ज्या विश्वात जातात तेथे 1761 च्या लढाईत विश्वासरावांना लागावयाची गोळी निसटती गेली आहे, मराठे जिंकले आहेत, आणि ईस्ट इंडिया कंपनी मुंबईपुरती उरली आहे. पंत त्या जगात काय करतात, तर ग्रंथालयात जाऊन आपलेच इतिहासग्रंथ तपासतात. त्यांना सिंहासन नको, खाण नको, फक्त इतिहास कोठे वळला ते पान हवे. परतल्यावर त्यांच्या खिशात पुरावा म्हणून बखरीचे एक फाटके पान उरते, आणि राजेंद्र देशपांडे हा त्यांचा वैज्ञानिक मित्र आपत्ति-सिद्धांत व पुंजवाद यांच्या आधारे या स्थलांतराची उपपत्ती लावू पाहतो. ते पान जप्त करण्यास कोणी व्हर्कन व्हाल येत नाही, पंतांच्या स्मृतीवर बंदी येत नाही, शाखा छाटली जात नाही. पंतांना कोणी हाकलले असेल तर ते आझाद मैदानावरील श्रोत्यांनी: तेथील सभेतली अध्यक्षाची रिकामी खुर्ची पाहून त्यांना राहवले नाही, आणि भाषणांना व अध्यक्षांना कंटाळून ही प्रथाच मोडीत काढलेल्या त्या जगातल्या लोकांनी त्यांच्यावर हाती येईल ते फेकले. सजा म्हणावी तर ती त्यांनी स्वतःच स्वतःला करून घेतली. पानिपतावरील परिसंवादाच्या चालकांना त्यांनी दिलगिरी कळविली आणि यापुढे कोणत्याही सभेचे अध्यक्षस्थान न स्वीकारण्याचे ठरविले.